आईच्या समोरची बाजू

आमच्या जेवणाच्या टेबलाला हात असलेली एकच खुर्ची आहे, आणि सहावीपासून त्या खुर्चीतली न्यायमूर्ती मी आहे.

आई अपिलं लढवते. अपिलात सहसा नवे साक्षीदार येत नाहीत. खालच्या कोर्टात जे बोललं गेलं, त्याच्यावरच पुन्हा भांडायचं. म्हणून कोर्टात जाण्याआधी ती अख्खा युक्तिवाद घरी करून बघते आणि मी खुर्चीत रेलून "वकीलबाई, मुद्द्यावर या" म्हणते. ती येतेही.

मग आतेबहीण राहायला आली. कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला, सुट्टीत आईच्या हाताखाली शिकायला. न सांगता भांडी घासते, आणि आईचा विनोद संपायच्या आधीच हसते. पहिल्याच संध्याकाळी आई म्हणाली, "आज ताईला बसू दे गं खुर्चीत. तिला कलमं माहीत आहेत."

मला जे वाटलं त्याला कुठलंच कलम लागत नाही.

"ती घोरते," मी म्हणाले.

"ही बदनामी आहे हं," ताई म्हणाली.

"खरं असेल तर बदनामी होत नाही."

"मामी, तयार आहे की ही." आणि बसली. ऐसपैस.

मी सोफ्यावर तोंड फुगवून पडले. प्रकरण एका पार्लरवाल्या बाईंचं होतं, त्या आईच्या अशील. समोरच्या नाचाच्या क्लासमध्ये मुलींचे गुडघे कायमचे जातात, असं त्या केस कापायला येणाऱ्या प्रत्येकीला सांगायच्या. ते धादांत खोटं निघालं. नाचाच्या बाईंनी दावा लावला, जिंकल्या, आणि कोर्टानं त्यांना भलीमोठी भरपाई देवविली. त्याच्याविरुद्ध हे अपील.

"माझ्या अशिलाच्या मनात द्वेष नव्हता," आई येरझाऱ्या घालत म्हणत होती. "मुलींच्या काळजीपोटी त्या बोलल्या. साक्षीतच आलंय, दोघी मैत्रिणी होत्या. कोपऱ्यावर फुलवाली येईपर्यंत तीन वर्षं दुपारचा डबा एकत्र खायच्या."

न्यायमूर्ती ताईनं मान डोलावली. न्यायमूर्तीनं मान डोलवायची नसते, एवढंही हिला माहीत नाही.

मला राहवेना. "फुलवाली आल्यावर काय झालं?"

"नाचाच्या बाई तिच्याकडे जेवायला लागल्या. का गं?"

"आणि गुडघे कधीपासून जायला लागले?"

आईनं चार पानं मागे उलटली, दोन पुढे. "त्याच महिन्यापासून," ती हळूच म्हणाली.

"म्हणजे तीन वर्षं गुडघे ठणठणीत, आणि दुसरी कोणी शेजारी बसली की निकामी? ही काळजी नाही गं आई. तिचं वाटोळं व्हावं आणि दुपारी तिनं परत माझ्याचकडे येऊन डबा उघडावा, असं त्यांना एकाच वेळी वाटत होतं. मी समोरची वकील असते ना, तर एवढंच विचारून खाली बसले असते."

आई माझ्याकडे बघत राहिली, जरा जास्तच वेळ.

"द्वेष नव्हता, हे टिकायचं नाही," ती शेवटी म्हणाली. "चूक सरळ कबूल करायची आणि फक्त रकमेवर भांडायचं. क्लासमधली एकही मुलगी सोडून गेली नाही, मग एवढी भरपाई कशाची?"

"मामी, हे मला कसं नाही सुचलं?" ताईनं अगदी मनापासून विचारलं.

तुझ्या जागेवर अजून कोणी येऊन बसलेलं नाही म्हणून, मी मनातल्या मनात म्हणाले.

"उद्या तू माझ्याविरुद्ध उभी राहा," आई मला म्हणाली. "आई म्हणून सोडायचं नाही."

"आणि ताई?"

"ती बसेल की खुर्चीत."

ताई पुन्हा रेलली. मला चिडायचंच होतं. पण खुर्चीत बसून मला एक गोष्ट पक्की कळलेली आहे: न्यायमूर्तींकडे आई अधूनमधून बघते. समोरच्या वकिलावरून मात्र तिची नजर हलत नाही.

"बसू दे," मी म्हणाले, आणि आईच्या हातातली साक्षीची पानं ओढून घेतली.