वॉल्टरच्या वाट्याची वीस मिनिटं

वॉल्टर ओल्डरॉइडच्या तोंडाला मी एकोणीस वर्षं रंग लावतेय. आजवर मी त्याला अकरा वेळा बटलर केलं, चार वेळा लबाड बिशप, एकदा विष घालणारा डॉक्टर, आणि जर्मन अधिकारी तर विचारूच नका. अमेरिकेच्या टीव्हीवाल्यांना इंग्लंडचा माणूस दोनच कामांना लागतो, दार उघडायला नाहीतर खून करायला. आम्ही दोघंही इंग्लंडातल्या ब्रॅडफर्डचे, म्हणून त्याच्यावर ओरडायचा हक्क माझा.

तर त्या मार्चमध्ये बरबँकच्या स्टुडिओत त्याला पहिल्यांदा माणसाचं काम मिळालं! हॉस्पिटलची मालिका. वॉल्टर म्हणजे म्हातारा भाजीवाला, बायको महिनाभर यंत्रावर, आणि तरुण डॉक्टरला त्यानं सांगायचं की आता यंत्र बंद करा. सलग अडीच मिनिटं बोलायचं. मालिकेची कर्तीधर्ती आणि दिग्दर्शिका ग्रेटा कॉफ त्याला स्वच्छ म्हणाली होती, "हे जमलं तर म्हातारा वर्षभर मालिकेत राहील. नाही जमलं तर एका भागात संपला." संपला तर वॉल्टरही संपलाच. वर्षभर काम नव्हतं. बासष्टाव्या वर्षी ब्रॅडफर्डला बहिणीच्या घरी, मागच्या खोलीत राहायला जायचं, म्हणून त्यानं विमानाचं तिकीटही काढून ठेवलं होतं.

त्या दिवशी तो शांत होता, घाबरले होते ती मीच. मी त्याच्या नाकाला तिसऱ्यांदा पावडर लावली.

"नोरीन, नाक आहे ते, भिंत नाही."

"गप बस आणि ऐक. कॅमेरा आधी डॉक्टर झालेल्या ट्रॅव्हिसच्या चेहऱ्यावर लावणार, मग तुझ्या. त्याच्या वेळेला तू कॅमेऱ्यामागून नुसते शब्द टाक. जीव तुझ्या पाळीला राखून ठेव."

"बरं."

"बरं म्हणतोस आणि स्वतःचंच खरं करतोस."

तसंच झालं. ट्रॅव्हिस म्हणजे मालिकेचा नायक, तो तरुण डॉक्टर. पोरगा देखणा, स्वभावानं गोड, पण अभिनयाच्या नावानं बोंब. कॅमेरा त्याच्यावर लागला, आणि वॉल्टर, जो कुणाला दिसणारही नव्हता, पहिल्याच टेकला जीव ओतून बोलायला लागला. डोळ्यांतून खरं पाणी! मी ब्रश हलवून खुणा केल्या, डोळे वटारले, पालथ्या घड्यावर पाणी. दुसरा टेक, तिसरा, चौथा, दर वेळी तेवढंच. पाचव्याला ट्रॅव्हिसचा ओठ थरथरला, सहाव्याला तो हुंदके देऊन रडला. सगळ्या सेटनं टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, खोटं कशाला बोलू.

"सर, मला कधीच रडू येत नाही! आज काय झालं कळलंच नाही!" ट्रॅव्हिसनं वॉल्टरला मिठी मारली.

"फार छान केलंस, पोरा," वॉल्टर म्हणाला. आवाज पार घोगरा झाला होता.

ट्रॅव्हिस विमान गाठायला पळाला. आता वॉल्टरची पाळी, आणि घड्याळात संध्याकाळचे सहा चाळीस. सातला हा सेट मोडून तिथं दुसऱ्या मालिकेचं पोलीस ठाणं उभं राहायचं होतं, आणि सुतार मंडळी हातोडे घेऊन उभीसुद्धा होती. डॉक्टरची वाक्यं आता ग्रेटाची मदतनीस कागदात बघून वाचणार, तीही किराण्याची यादी वाचावी तशी.

पहिला टेक. वॉल्टरनं रडू आणायचा प्रयत्न केला आणि पिळलेल्या लिंबासारखा चेहरा झाला. दुसरा त्याहून वाईट. ग्रेटानं घड्याळाकडे बघितलं. सहा त्रेपन्न.

मी घाम टिपायला गेले. वॉल्टरनं माझ्यापुढे हात पसरला. मेंथॉलची कांडी मागत होता. डोळ्यांखाली ती फिरवली की कुणाच्याही डोळ्यांतून धारा लागतात. एकोणीस वर्षांत त्यानं तिला कधी हात लावला नव्हता. मला असा संताप आला!

"नाही देणार."

"नोरीन, दे. माझ्याकडे काही उरलं नाही."

"उरेल कसं? सगळं त्या पोराला वाटून बसलास! मूर्ख! रडून झालंय ना तुझं? मग नुसतं सांग. त्या भाजीवाल्याचंही महिनाभर रडून झालंय."

त्यानं पसरलेला हात मागे घेतला. मग म्हणाला, "हो."

तिसरा टेक. त्यानं एकही थेंब गाळला नाही. गिऱ्हाइकाला बटाट्याचा भाव सांगावा तसा बोलला. "डॉक्टर, चाळीस वर्षं ती माझ्याआधी उठायची. आता सव्वीस दिवस मीच आधी उठतोय. पुरे झालं." एका सुतारानं हातोडा हळूच जमिनीवर ठेवला. ग्रेटा 'कट' म्हणायचंच विसरली. शेवटी म्हणाली आणि लगेच सात वाजले, लाकडं मोडायला लागली. त्या धडधडाटात ती एवढंच बोलली, "आधी चॅनेलवाल्यांना दाखवते."

नंतर तीन आठवडे चकार शब्द नाही. भाग लागायचा गुरुवारी, विमान शुक्रवारी. गुरुवारी मी वॉल्टरला घरी बोलावलं, टोस्टवर बीन्स घातले. त्यानं काट्याला हात लावला नाही.

टीव्हीवर त्याचं भाषण सुरू झालं. वॉल्टरचा चेहरा. मी वाट बघतेय की आता ट्रॅव्हिस दिसेल. नाही! अडीच मिनिटं फक्त वॉल्टर, मध्ये एकदाही कापलं नाही! मी सोफ्यावर उभी राहून किंचाळत होते. तेवढ्यात फोन वाजला. ग्रेटा.

"वॉल्टर अजून अमेरिकेतच आहे ना? त्याला सांग, चॅनेलचा होकार आत्ता आला. वर्षभर! सगळेच्या सगळे भाग!"

"वॉल्टर!" मी फोन धरूनच नाचायला लागले. "वर्षभर! ऐकलंस? सगळे भाग!"

तो उठला. चेहरा लालबुंद झाला होता. त्यानं माझ्या हातून फोन घेतला.

"ग्रेटा, फार फार आभार," तो म्हणाला. "पण त्या पोराचं रडणं का कापलंत? किती सुंदर रडला होता तो."