आधी करून ठेवलेली रोपं

"शिजवलेत? माझे राजमे शिजवलेत?"

मी ओरडले तसा पाककृतीवाल्या काकूंचा डाव पातेल्यातच थांबला.

"अगं, मोड आलेले दिसले. वाटलं, माझ्यासाठीच ठेवलेत. पानं फुटलेले तेवढे टाकून दिले."

मी कपाळावर हात मारून घेतला. स्टुडिओ एकच. दुपारी काकूंचा स्वयंपाक, संध्याकाळी आमचं विज्ञान. टीव्हीवर बी उगवायची वाट बघत बसता येत नाही, म्हणून मी रोज एका पेल्यात ओल्या कापसात थोडे राजमे घालत आले होते. कार्यक्रम सादर करणारे मास्तर एकेक पेला उचलणार, आणि बी मुलांच्या डोळ्यांदेखत वाढणार! त्यात आज थेट प्रक्षेपण. हा कार्यक्रम कुणी बघत नाही, असं वाहिनीच्या साहेबांचं म्हणणं. आज बघून बंद करायचा की नाही ते ठरवणार होते. मास्तर निवृत्त शिक्षक. बायको गेल्यापासून या कार्यक्रमापुरतीच दाढी करायचे.

ऐकून ते हसलेच. "खाणार ना कुणीतरी? मग वाया नाही गेले."

"चेष्टा कसली सुचतेय! दाखवणार काय आता, माझं डोकं?"

"नको. त्यात काही उगवत नाही."

दिवे लागले. मास्तरांनी तळहातावर एक कोरडा राजमा धरला. "मुलांनो, आमची रोपं आज चुकून शिजली. पण बियाला घाई नसते, मग आपल्याला कशाला? घरातलं एक बी ओल्या कापसात ठेवा. मीही ठेवतो. पुढच्या वेळी आणून दाखवा."

मग बी आत काय काय साठवून ठेवतं, ते सांगत राहिले. कार्यक्रम संपताच साहेब तडक निघून गेले. झालं, संपलं, म्हणत मी कोपऱ्यात रडून घेतलं.

पुढच्या आठवड्यात फाटकावरच रखवालदार खेकसला, "ताई, हे आधी उचला! मला बसायला जागा नाही."

पायऱ्यांवर, खिडकीत, त्याच्या खुर्चीवर पेलेच पेले. कप, डबे, एक तर फुटका बूट. सगळ्यांत हिरवं काहीतरी. मागून साहेब आले, हातात डबा सांभाळत.

"नातीचा आहे. पुढे ठेवा, नाहीतर घरात माझी खैर नाही. आणि पुढच्या महिन्याचे विषय कळवा."

काकूही बघायला आल्या, दोन्ही हात पाठीमागे बांधून.

"मास्तर, तुमचं कुठंय?" मी विचारलं.

त्यांनी पिशवीतून पेला काढला. बी काळं पडलं होतं.

"कुजलं. घरात एकटा, सारखं पाणी घालत बसलो."

मी तो पेला टेबलाखाली सारायला गेले. त्यांनी माझा हात धरला, पेला सगळ्या रोपांच्या पुढे ठेवला आणि म्हणाले, "सुरुवात याच्यापासून करू."

दिवे लागले.