चार सापांचं औषध

यांची सगळी नोकरी घोड्यांत गेली. मुंबईत सापाच्या विषावर औषध बनवणारा एक कारखाना होता, त्याच्या तबेल्यात हे कामाला होते. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चार सापांचं विष थेंबाथेंबाने घोड्याला टोचायचं आणि हळूहळू वाढवत न्यायचं. घोडा पचवतो. मग त्या विषाला तोंड देणारं त्याचं रक्त काढायचं आणि त्यातून माणसांसाठी औषध करायचं. सुई टोचताना घोड्याला धरून ठेवायचं काम यांचं. मानेवर हात ठेवून हे त्याच्याशी बोलत राहायचे.

घरी आले की यांच्या सदऱ्याला घोड्यांचा वास असायचा. नवी नवरी होते तेव्हा तो मला सोसवत नसे. पुढे पुढे हे रजेवर असले आणि तो वास नसला की घर परक्याचं वाटायचं. चांदणी नावाची एक घोडी यांची फार लाडकी होती. ती गेली त्या दिवशी हे जेवले नाहीत. "हिच्या जिवावर किती माणसं हिंडताहेत, त्यांना माहीतही नाही," एवढंच म्हणाले.

निवृत्त झाल्यावर आम्ही भाईंदर पश्चिमेला घर घेतलं. तेव्हा आमच्या इमारतीमागून मोरवा गावापर्यंत भातशेती दिसायची. मोरव्याची गोदूबाई मासळीची पाटी घेऊन दारावर यायची आणि भाव करता करता यांची खोडी काढायची.

"भाव, घोडे सोडून आलाव, आता वयनीला टोचताव काय?"

"तिला टोचून उपयोग नाही," हे म्हणायचे, "तिचंच विष जास्त."

गोदूबाई हसून हसून पाटी खाली ठेवायची आणि वर दोन बोंबील जास्त टाकायची.

एकदा बांधावर विमलाबाईला नाग चावला. ती गोदूबाईची शेजारीण. गावाची रीत म्हणजे आधी भगताकडे. हे त्या बाजूला फिरायला गेले होते. यांनी आरडाओरडा करून तिला भगताच्या अंगणातून उचलायला लावलं आणि बोरिवलीच्या मोठ्या इस्पितळात नेलं. ती चालत घरी आली. तेव्हापासून मोरव्यात यांच्या शब्दाला वजन आलं. हे पारावर बसून लोकांना सांगायचे, "कुठलाही साप असो. पाला नको, मंत्र नको. सरळ इस्पितळ." मला अभिमान वाटायचा. निवृत्त माणसाला कोण विचारतं, आणि यांना अख्खं गाव विचारत होतं.

दोन हजार तीनची गोष्ट. नारळी पौर्णिमा होऊन बोटी पुन्हा पाण्यात गेल्या होत्या. गोदूबाईचा मुलगा धाकू उत्तनच्या एका बोटीवर खलाशी होता. एका दुपारी आमच्या दाराशी रिक्षा थांबली. आत धाकू आणि गोदूबाई.

"भाव, चला," ती म्हणाली. "साप चावलाय. आमचे येशीवर मानसा जमलेली, भगताकडं न्या बोलत व्हती. मी कुनाचा आयकला न्हाय. तुमी बोललाव तसाच केला."

आम्ही दोघंही निघालो. धाकूच्या बोटावर खूण अशी नव्हतीच. चावलं तेव्हा मुंगी चावल्यासारखं वाटलं, म्हणाला. आता मात्र मांड्या आणि मान दुखत होती. तरी बोलणं चालू होतं.

"काका, आता माजे अंगान घोडा येनार. घरी दुर्गा लगाम घेऊन बसल."

"लगाम तुला लग्नातच बसलाय," हे म्हणाले. गोदूबाईसुद्धा हसली. तिला भीती वाटत नव्हती. विमलाबाईला तिने स्वतःच्या डोळ्यांनी परत आलेलं पाहिलं होतं.

इस्पितळात एक तरुण डॉक्टरीण होती. तिने विचारलं, साप कुठे चावला.

"बोटीवर. जाल्यात आलेला. शेपटी चपटी व्हती, वल्ह्यासारखी," धाकू म्हणाला.

तिचा हात थांबला. यांना बाजूला घेऊन ती म्हणाली, "आजोबा, हा समुद्रातला साप. आपल्याकडचं औषध चार सापांचं आहे. त्यात याचं काही नाही. त्यावरचं औषध इथे मिळतच नाही. देऊन बघते, पण तुम्हाला खोटी आशा दाखवत नाही. बाकी जे करता येईल ते करू."

"चार," हे म्हणाले. "हो. चारच."

यांनी तीस वर्षं त्याच चार सापांच्या सुयांसाठी घोडे धरले होते. चार हा आकडा यांच्याइतका कुणाला माहीत असणार? पण चार म्हणजे पाचवा नाही, हे यांच्या मनात कधी आलंच नव्हतं. भातशेतात, मिठागरात, माळावर जे चावतं ते या चारांतलंच असतं. समुद्राकडे यांनी पाहिलंच नव्हतं.

संध्याकाळपर्यंत धाकूच्या पापण्या पडल्या. हाताने वर केल्याशिवाय त्याला आईचं तोंड दिसेना. लघवी काळी झाली, मग मूत्रपिंडं बंद पडली. डॉक्टरणीने जिवापाड धडपड केली, यंत्राला लावलं. तिसऱ्या दिवशी तो गेला.

गोदूबाई रडली नाही. व्हरांड्यात यांच्यासमोर उभी राहिली. "भाव, तुमी बोललेलं, कुटलाबी साप."

मी तिच्या खांद्यावर हात ठेवला, तो तिने हळूच बाजूला केला.

त्यानंतर ती आमच्या इमारतीत आली नाही. हे पारावर जायचे थांबले. मासळी बाजारातून आणायला लागले.

पुढच्या वर्षी भातकापणी चालू होती. विमलाबाई भाजी विकायला आली आणि सहज बोलावं तसं बोलून गेली, "गोदूची सून, आमची दुर्गा. सकाली कापनीला गेली, तिला जनावर डसला. भगताकडं बसवलीय."

हे तसेच उठले. चपलासुद्धा मीच रिक्षात नेऊन दिल्या.

भगताच्या अंगणात दुर्गा भिंतीला टेकून बसली होती. पाय गुडघ्यापर्यंत सुजून काळानिळा झाला होता. हिरड्यांतून रक्त येत होतं आणि ती पदराने ते टिपत होती. बाजूला मारलेला साप पडला होता, जाड, अंगावर साखळीसारखे ठिपके. हे त्याच्याकडे पाहून मोठ्याने म्हणाले, "घोणस आहे. गोदूबाई, ही घोणस. ही त्या चारांतली. हिच्यावर औषध आहे. अजून वेळ आहे, रिक्षा उभी आहे."

"मागचे येलेला पन रिक्षा उबी व्हती," गोदूबाई म्हणाली.

"तो दर्यातला होता. ही जमिनीवरची. मी सांगतो ना."

"तुमी तवाबी सांगितलेला."

हे विमलाबाईकडे वळले. ती आमच्याच रिक्षातून आली होती. "तू तरी सांग. तू वाचलीस ना त्या औषधाने?"

विमलाबाईने मान खाली घातली. "माजी येल आली नव्हती भाव."

भगत एका बाजूला पाला कुटत होता. तो एका शब्दाने मध्ये आला नाही. त्याला यायची गरजच नव्हती. यांचा आवाज चढला, मग चिरकला. म्हातारा माणूस सगळ्या गावासमोर हात जोडून उभा होता, आणि लोक जमिनीकडे बघत होते. आजवर लोक यांच्या तोंडाकडे बघत आले होते.

दुर्गाने सासूकडे पाहिलं. "आये, जाव का?"

गोदूबाईने तिचा हात दोन्ही हातांनी घट्ट धरला होता. ती फक्त मान हलवत राहिली. नाही, नाही. एक तिथे नेऊन सोडला होता, दुसरं तिथे न्यायचं नव्हतं. तिच्या त्या धरण्यात राग नव्हता. असता तर भांडता आलं असतं.

रिक्षावाल्याने दारातून विचारलं, "काका, चलना है क्या?"

दुर्गा दुसऱ्या दिवशी गेली.

पुढच्या आठवड्यात हे मला न सांगता बोरिवलीला गेले आणि दुर्गाला साप चावला त्या दिवशी इस्पितळात ते औषध होतं का, एवढंच विचारून परत आले. होतं, असं मला सांगून भिंतीकडे तोंड करून निजले.