नायकाचा टोप

मित्रांनो, मी एक जुना, खऱ्या केसांचा टोप आहे. हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. माझ्यावर एक भरलेलं थिएटर हसलेलं आहे, त्यामुळे मला सवय आहे.

एका देखण्या नटाला ऐन पंचविशीत टक्कल पडू लागलं, तेव्हा माझा जन्म झाला. रंगभूषा करणाऱ्या काकांनी बारीक जाळीवर एकेक केस गाठ मारून मला विणलं. रोज ते माझी पुढची कड डिंकाने त्याच्या कपाळाला चिकटवत आणि म्हणत, "पोरा, आता हसून दाखव. आता रड." रडताना कपाळाला आठ्या पडतात आणि कड सुटते, म्हणून ही रीत. ती झाल्याशिवाय ते त्याला कॅमेऱ्यापुढे जाऊ देत नसत. चित्रपट धो धो चालले. मुलं न्हाव्याला त्याचा, म्हणजे माझा, फोटो दाखवू लागली.

पुढे नट निर्माता झाला. सगळे त्याला साहेब म्हणू लागले. शॉट बरा झाला का, हे दिग्दर्शकच त्याला विचारू लागला. मी ज्या डोक्यावर बसत होतो, त्यात हवा गेली. पन्नाशी उलटलेली असताना त्याने आपल्या चित्रपटात कॉलेजातल्या मुलाचं काम स्वतःकडे घेतलं. आयुष्यभर कमावलेलं नाव त्याने त्या एका चित्रपटासाठी पणाला लावलं होतं. काका सगळ्यांदेखत म्हणाले, "पोरा, बापाचं काम घे. या टोपाखाली तुझं वय मावत नाही."

दुसऱ्या दिवसापासून काकांना बोलावणं आलं नाही.

नायकाची आई मरते तो प्रसंग होता. साहेबांनी मला घाईघाईने स्वतःच चिकटवलं. कॅमेरा सुरू झाला, त्यांनी हंबरडा फोडला आणि माझी कड सुटली. वाचा असती तर मी ओरडलो असतो. कॅमेरामनने पाहिलं, दिग्दर्शकाने पाहिलं, पण मांजराच्या गळ्यात घंटा बांधणार कोण? सगळे डोळे पुसत वाहवा करत राहिले. नंतर सेटवरच्या छोट्या पडद्यावर साहेबांनी फक्त आपले अश्रू पाहिले.

थिएटरात मात्र कपाळ भिंतीएवढं दिसतं. पडद्यावर आई प्राण सोडत होती आणि लोक पोट धरून हसत होते. मागच्या रांगेत बसलेल्या माझ्या नटाने अंधारातच मला ओढून काढलं आणि खिशात कोंबलं. मला त्याची फार दया आली. त्यानंतर त्याला कुणी काम दिलं नाही.

आता मी कपाटातल्या डब्यात असतो. काका वारले. परवा कुठल्याशा समारंभाचं आमंत्रण आलं, म्हणून त्याने मला पुन्हा घातलं आणि बायकोला विचारलं, "नीट बसलाय ना?"

मी चांगला बोटभर वाकडा होतो. तिने पाहिलं. त्याचं मन मोडवेना म्हणून म्हणाली, "छान दिसतोय."

तो आरशात बराच वेळ बघत राहिला. "काका असते तर बोलले असते," म्हणाला, आणि त्याने मला काढून डब्यात ठेवलं. समारंभाला तो गेलाच नाही.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तूंना अधूनमधून ऊन दाखवा, हलक्या हाताने विंचरा. पण तोंडावर खरं बोलणारं कुणी घरात असेल, तर आधी त्याला जपा. माझी सुटलेली कड काय, डिंकाने पुन्हा चिकटते.