दुसरं कडवं

वैष्णवीनं पर्समधून ज्येष्ठमधाची काडी काढून दाढेखाली धरली, तशी तिची धाकटी बहीण निकिता धावतच आली.

"ताई, थुक ते! आज तुले कुठं गायचं हाये?"

खरंच की. आठ वर्षं कुठल्याही मांडवात शिरण्याआधी ती ही काडी चघळत आली होती. आज मांडव स्वतःच्याच लग्नाचा, कपाळाला मुंडावळ्या, आणि हात मात्र सवयीनं पर्समध्ये गेला होता. तिनं काडी रुमालात थुंकली. तोंडात गोडसर चव राहिलीच.

आसेगावपासून कारंज्यापर्यंत लग्न म्हटलं की मंगलाष्टकांना पवन आणि वैष्णवी, हे ठरलेलं. पेटी पवनची. एक कडवं त्याचं, एक तिचं, आणि एकानं दुसऱ्याचं कडवं कधी गायचं नाही. बायका म्हणायच्या, या दोघांचंच उरकून टाका एकदा! वैष्णवी हसण्यावारी न्यायची. पवन पेटीत डोकं घालून बसायचा, पण कान लाल व्हायचे गड्याचे.

मग वैष्णवीच्या आईच्या, मनकर्णाबाईच्या, किडन्या गेल्या. आठवड्यातून दोनदा वाशीमला डायलिसिस. लग्नसराई चार महिन्यांची. उरलेले आठ महिने ती आणि पवन, दोघंही दुसऱ्याच्या वावरात रोजानं. अशात जऊळक्याचं स्थळ आलं. मुलगा धनंजय, रेल्वेत कायम, भला माणूस. आईला आपल्याकडंच ठेवू, वाशीमला मी नेत जाईन, असं तो आपणहून म्हणाला. अट एकच होती, घरच्या सुनेनं माइकवर गायचं नाही. तिचं गाणं त्यानं कधी ऐकलंच नव्हतं. आपण काय मागतोय, हे त्या बिचाऱ्याला कसं कळणार?

वैष्णवीनं पवनला सांगितलं ते धनजच्या एका लग्नात, जेवणाच्या मंडपामागं. हातातली पत्रावळ तशीच होती.

"एकदा थांब म्हण ना मले," ती म्हणाली.

"कोन्या तोंडानं म्हणू? तुह्या मायले काय पेटी वाजवून वाचवू?"

तिला त्याचा असा संताप आला की पत्रावळ तिथंच टाकून ती निघाली आणि घरापर्यंत टेम्पोत तोंडाला पदर लावून रडली. राग याचाच होता, की तो खरं बोलला होता.

आणि आज तोच पवन समोर पेटी मांडून बसला होता. सासऱ्यांनी, शालिग्रामजींनी, "मंगलाष्टकाले पवनच पाह्यजे" म्हणून परस्पर सांगावा धाडला होता. नाही म्हटलं असतं, तर काहून म्हणून चारचौघांनी विचारलं असतं.

अंतरपाट धरला गेला. अक्षता म्हणून रंगवलेली ज्वारी मुठीमुठीत वाटली. पवननं पेटीवर सूर धरला, काळी चार पट्टी. वैष्णवीचाच सूर. पहिलं कडवं तो गायला, अगदी स्वच्छ. ज्वारी उडाली. आता दुसरं. आज सगळी कडवी तो एकटाच ओढणार, असं तिनं धरून ठेवलं होतं. तरी मेली सवय! तिनं छाती भरून श्वास घेतला, ओठ उघडले.

पवननं खाली वाकून मोबाइलवर बोट ठेवलं.

स्पीकरमधून तिचाच आवाज आला. तीन वर्षांपूर्वी तिचा घसा वरचेवर बसायचा, तेव्हा अडीअडचणीला म्हणून भरून ठेवलेला. पवनची पेटी त्या आवाजामागून चालत होती, ती शेजारी बसलेली असताना चालायची तशीच. तिनं घेतलेला श्वास आतच राहिला. पुढं सगळं तसंच झालं. त्याचं कडवं त्यानं गायलं, तिचं मोबाइलनं. जिवंतपणी आपल्याच तेरवीला येऊन बसल्यासारखं वाटलं तिला.

अंतरपाट दूर झाला. बँड सुरू झाला. धनंजयनं हार उचलता उचलता वाकून हळूच विचारलं,

"बाईचा गळा काय गोड हाये! कोण हाये थे?"

वैष्णवीनं पेटीकडं पाहिलं. पवन भाता मिटून खिट्टी लावत होता. पलीकडं खुर्चीवर मनकर्णाबाई बसली होती. मुठीत उरलेली ज्वारी ती सुजलेल्या हातानं लेकीच्या दिशेनं टाकत होती, आणि कितीतरी महिन्यांनी हसत होती.

"मले नाई माहीत," वैष्णवी म्हणाली, आणि हारासाठी तिनं मान खाली केली.