नावामधली रेघ

मित्रांनो, कुणी मला जुना म्हटलं की मला राग येत नाही. आहेच मी जुना. मी सागवानी पाळणा आहे, आणि माझं वय पस्तीस. माझ्या उजव्या खांबावरच्या लाकडी पोपटाची चोच तुटली आहे, आणि हलवलं की मी कुरकुरतो. पण ती कुरकुर तक्रारीची नाही बरं का! त्याच आवाजावर आजवर बावन्न बाळं झोपली आहेत. एकानेही ‘पाळण्याला तेल घाला’ म्हटलेलं नाही.

माझा जन्म कोल्हापूरच्या शिवाजी पेठेतला. तिथे सयाजीदादा राहायचे. ते लाकडाच्या वखारीत करवतीवर कामाला होते. त्यांची बायको शालूबाई पोटुशी राहिली, तेव्हा वखारीच्या मालकाने खूश होऊन त्यांना सागवानाच्या उरलेल्या फळ्या दिल्या. दादांनी तीन महिने खपून त्यातून मला घडवलं. हाताला कुसळ लागू नये म्हणून माझा कठडा इतका घासला, की शालूबाई म्हणाल्या, “पाळणा करताय का आरसा?”

माझ्यात पहिली निजली ती त्यांची लेक, स्वप्नाली. बारशाला आमच्याकडे एक रीत आहे. बाळाच्या आधी पाळण्यात वरवंटा घालायचा. मसाला वाटायचा तोच, पण धुऊन, पुसून, कुंची घालून बाळासारखा नटवलेला! तो काढला की मग बाळ. मग आत्या बाळाच्या कानात नाव सांगून ‘कुर्र’ करते, आणि बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात. त्या दिवशी हे सगळं झालं आणि सयाजीदादांनी लेकीला माझ्यातून उचलून छातीशी धरलं. म्हणाले, “या राजं!”

“आवो, पोरगी हाय ती,” शालूबाई हसल्या. “पोरीला कुठं राजं म्हणत्यात?”

“माझ्या घरात म्हणत्यात,” दादा म्हणाले.

पुढे पेठेत कुणाकडेही बारसं असलं की मला बोलावणं यायचं. दादा मला खांद्यावर घेऊन जायचे आणि बारसं झालं की त्या बाळालाही उचलून म्हणायचे, “या राजं!” मग घरी आणून मला पालथा घालायचे आणि माझ्या बुडाच्या फळीवर खिळ्याने ते नाव कोरायचे. पहिल्या पहिल्यांदा हंबीरराव, गणपतराव अशी भारदस्त नावं असायची. तीन किलोचं बाळ आणि चार किलोचं नाव! नव्वद साल आलं आणि वारं फिरलं. यशराज आला, सौरभ आला, सोनाली तर तीन आल्या. गौतमही कोरला गेला आणि शब्बीरही. दादांनी कुणाचं घर कुठल्या जातीचं हे कधी विचारलं नाही, आणि खरं सांगतो, शालूबाईंनीही नाही. मला धाडताना त्यांची अट एकच असायची. पाळणा रिकामा जाता कामा नये. रिकामा पाळणा दाराबाहेर पडणं बाळाला बरं नसतं, म्हणून त्या स्वतःच्या घरचा वरवंटा जुन्या लुगड्याच्या धडप्यात गुंडाळून माझ्यात ठेवायच्या आणि मगच मला उचलू द्यायच्या. हे शास्त्र की समजूत, ते मला विचारू नका. मी लाकूड आहे.

माझ्या फळीच्या मधोमध मात्र दादांनी दोन बोटं जागा मोकळी सोडली होती. कुणी विचारलं की सांगायचे, “ही माझ्या नातवंडाची.”

ती जागा भरायला ते थांबले नाहीत. शहाण्णव साली दादा गेले. त्यानंतर तीन वर्षांनी स्वप्नालीने प्रसेनजीतशी लग्न केलं. तो तिच्याबरोबर कॉलेजात होता आणि आता वारणानगरला शिक्षक होता. मुलगा गुणाचा, पण बौद्ध घरातला. मग काय! सगळ्या जातींच्या घरी पाळणा धाडणारी माझी शालूबाई लेक धाडायची वेळ आल्यावर अडून बसली. मला तेव्हा तिचा फार राग आला. दारात उभ्या लेकीला ती म्हणाली, “गेलीस तर जा. पर माझ्या पाळण्याची आशा धरू नगंस.” स्वप्नालीही तिचीच लेक. तिने मागे वळून पाहिलं नाही.

शालूबाईंनी मला माळ्यावर टाकलं. माझ्यात पापडाचे डबे आले, जुनी कॅलेंडरं आली, एक उंदीरही राहून गेला. पेठेत कुणी मागायला आलं की त्या सांगायच्या, “पाळणा मोडलाय.” मित्रांनो, मी मोडलो नव्हतो. धडधाकट असून आपण मोडलोय असं दोन वर्षं ऐकत राहणं फार वाईट असतं.

आणि एके दिवशी सकाळी दाराशी टेम्पो थांबला. पांढरा सदरा, हातात टोपी, असे एक म्हातारे गृहस्थ उतरले. ते प्रसेनजीतचे वडील, अण्णासो. साखर कारखान्यात फिटर होते, नुकतेच निवृत्त झाले होते.

“ईनबाई, हाईसा काय घरात?” त्यांनी हाक मारली.

“कोन ईनबाई?” शालूबाई आतून कडाडल्या. “मी कुनाची ईन न्हाय.”

“बरं, न्हाय तर न्हाय.” अण्णासो उंबऱ्याबाहेरच बसले. “आज चार वाजता तुमच्या नातवाचं बारसं हाय. पाळणा न्यायला आलोय. पोरीनं धाडलं न्हाय मला. ती म्हनती, आईकडं मागायचं न्हाय. शेजारचा लोखंडी पाळणा आणून ठेवलाय तिनं.”

आत भांडी घासायचा आवाज थांबला. मी माळ्यावरून कान टवकारले.

“नाव काय ठेवताय?” आतून प्रश्न आला.

“अर्धं ठेवलंय.”

“अर्धं नाव कुठं असतंय व्हय?”

“हल्ली असतंय. दोन नावं, आनि मधी एक आडवी रेघ. नवी फ्याशन हाय. पयलं अर्धं आमच्या सोनमनं, पोराच्या आत्यानं ठेवलंय. मैत्र. म्हंजे सगळ्यांवर सारखी माया. आमच्या वंदनेत मैत्री येती, आनि तुमच्या कीर्तनात बी मैत्र हाय की. प्रसेनजीत म्हनला, येवढंच नाव बास झालं. तर तुमची लेक म्हनली, न्हाय. पुढं एक रेघ मारून ठेवा. रेघंच्या पुढचं नाव माझी आई ठेवंल.”

“आनि मी न्हाय आले तर?”

“मी बी त्येच इचारलं. म्हनली, मग रेघ तशीच ऱ्हाऊ दे. जन्मभर.”

शालूबाईंनी डोळ्याला पदर लावला, आणि लगेच खेकसल्या, “माळ्यावर हाय. न्या. पर मी येनार न्हाय.”

अण्णासोंनी मला उतरवलं, पापडाचे डबे बाजूला ठेवले, आपल्या टोपीने माझी धूळ झटकली आणि टेम्पोत चढवलं. टेम्पो हलला. मला पेठ लांब जाताना दिसत होती आणि सारखं वाटत होतं, काहीतरी राहिलं. काय राहिलं ते लक्षात यायला मला पंचगंगेचा पूल लागला. वरवंटा! मी रिकामा निघालो होतो.

इकडे शालूबाईंच्या ते लक्षात आलं चटणी वाटायला बसल्यावर. हातात वरवंटा आणि दारात टेम्पो नाही! नंतर त्यांनी हा प्रसंग इतक्यांदा सांगितला आहे, की मी तिथेच होतो असं मला वाटतं. बाळाच्या आईवर राग होता, बापावर होता, जातीचं डोक्यात होतं. पण बाळाने काय केलं होतं? आणि आपल्याच हातून त्याच्या बारशाला रिकामा पाळणा गेला! बाई तशीच उठली. वरवंटा धुतला, धडप्यात गुंडाळला, पिशवीत घातला आणि स्टँडवर जाऊन वारणेची एसटी धरली. कंडक्टर पिशवीला अडखळला. “मावशी, दगूड भरलाय का काय हेच्यात?”

“दगूड कुनाला म्हनतोस? नातू हाय माझा!” शालूबाई म्हणाल्या. अख्खी एसटी हसली. ‘नातू’ हा शब्द आपल्या तोंडून पहिल्यांदा निघाला, हे त्यांना तिकीट घेतल्यावर कळलं.

वारणानगरला स्वप्नाली मला पाहून जागीच उभी राहिली. मग खाली बसून तिने माझ्या बुडाखाली हात घातला आणि ती मोकळी जागा चाचपली. “बाबांनी ठेवलेली जागा,” ती म्हणाली. “आणि आई?” अण्णासोंनी नकारार्थी मान हलवली. तिने पुन्हा विचारलं नाही.

चार वाजता बुद्ध आणि बाबासाहेबांच्या तसबिरींपुढे मेणबत्त्या लागल्या, त्रिशरण-पंचशील झालं. मला झेंडूची माळ घातली होती. दोन वर्षांनी माळ, मला तर रडूच येत होतं. अण्णासोंची बायको यल्लव्वा म्हणाली, “चला, घाला पोराला.” स्वप्नालीने बाळ उचललं. आणि दारातून आवाज आला.

“थांबा! रिकाम्या पाळण्यात बाळ घालू नगासा!”

दारात शालूबाई. घामाघूम, पदर सुटलेला, पिशवी दोन्ही हातांनी पोटाशी धरलेली. त्यांनी पिशवीतून वरवंटा काढला आणि तिथेच अवघडून उभ्या राहिल्या. आपलं घर नाही, आपली रीत इथे चालेल की नाही, काय माहीत! लेकीकडे बघायचं धाडस होईना.

यल्लव्वा पुढे आली. “ईनबाई, आमच्यात वरवंट्याचं काय नसतंय,” ती म्हणाली. शालूबाईंची मान खाली गेली. “पर नातवापायी येवढं वझं घिऊन आलाईसा, तर ठेवा की! कुनाचं काय जातंय? आनि आदी पानी प्या.”

वरवंटा माझ्यात आला. तोच थंडगार, ओळखीचा जडपणा. मग शालूबाईंनी तो काढला, आणि रिकाम्या झालेल्या त्यांच्या हातांत स्वप्नालीने बाळ ठेवलं. दोघीही माझ्याच कठड्याला धरून रडल्या.

सोनमने बाळाच्या कानात सांगितलं, “मैत्र.” कुर्र झालं, धपाटे पडले. मग पाठ चोळत ती बाजूला झाली. “मावशी, आता तुमी.”

सगळ्यांना वाटलं, त्या ‘सयाजी’ म्हणणार. मलाही वाटलं. गेलेल्या आजोबाचं नाव नातवाला, ही तर जुनी रीत. शालूबाईंनी मान हलवली.

“त्येंचं नाव न्हाय देत,” त्या म्हणाल्या. “ते त्येंच्यापाशीच ऱ्हाऊ दे. पेठेतल्या चाळीस पोरांस्नी, आनि पयल्यांदा माझ्या ह्या पोरीला, त्येंनी ज्या नावानं हाक मारली, ते देते.” आणि वाकून त्या बाळाच्या कानात म्हणाल्या, “राज.”

मैत्र-राज! मित्रांनो, नव्या धाटणीचं नाव, ऐकायला गोड. पण मला ते आवडतं ते त्याच्या अर्थासाठी. जो सगळ्यांवर माया करतो, तोच राजा. आणि त्यात एका घराने दुसऱ्याची वाट पाहिली आहे.

संध्याकाळी मला पालथा घातला. अण्णासोंनी हातोडी आणि खिळा घेऊन त्या मोकळ्या जागेत ‘मैत्र’ कोरलं. फिटरचा हात, अक्षर कसं सरळ! थोडं अंतर सोडून स्वप्नालीने ‘राज’ कोरलं. मग अण्णासोंनी खिळा शालूबाईंपुढे धरला.

“मला कुठं अक्षर येतंय?” त्या लाजल्या.

“अक्षर कशाला? रेघ तेवढी ऱ्हायलीया.”

“रेघ येती की,” शालूबाई म्हणाल्या, आणि मधे एक रेघ ओढली. थोडी वाकडी आहे. पण बुडाच्या फळीवर सगळ्यात खोल तीच आहे.

आता मैत्र-राज आठ वर्षांचा आहे. शाळेत गुरुजींनी हजेरीपटावर त्याचं नाव एकत्र लिहिलं. मधली रेघ कशाला, उगीच जागा अडवते, असं त्यांचं म्हणणं. पोरगा उभा राहिला आणि म्हणाला, “सर, ती रेघ माझ्या आजीनं काढलीय. ती एसटीनं आलती.” गुरुजींना काही कळलं नसणार, पण त्यांनी मधे रेघ ओढली.

तेव्हा मित्रांनो, कुणाचं नाव लिहाल तर पुरतं लिहा. ते कुणी ठेवलं, कसं ठेवलं, हे आईला, आजीला एकदा विचारा. नावामागे कुणाचा तरी रुसवा आणि कुणाची तरी धावपळ असते. आणि घरात माझ्यासारखा जुना पाळणा असेल, तर त्याला ‘मोडलाय’ म्हणून माळ्यावर टाकू नका. वर्षातून एकदा तेल द्या आणि शेजारी बाळ आलं की धाडा. रिकामा मात्र धाडू नका.

उद्या मी शेजारच्या श्रुतीकडे जाणार आहे. तिला मुलगी झाली. ही माझी त्रेपन्नावी! शालूबाई आता इथेच, वारणानगरला, राहायला आहेत. त्यांनी वरवंटा आजच गुंडाळून माझ्यात ठेवला आहे. आणि मैत्र-राज सकाळपासून त्या वरवंट्याला दोन्ही हातांनी उचलून सराव करतो आहे, “या राजं! या राजं!”

“आरं, पोरगी हाय ती,” शालूबाई म्हणाल्या.

“आमच्या घरात म्हणत्यात,” तो म्हणाला.