हप्ता फिटेपर्यंत

कोल्हापूरजवळ उचगावच्या घराची वास्तुशांत झाली त्या दिवशी श्रीशैल एकेका पाहुण्याला हाताला धरून खोल्या दाखवत फिरत होता. "हे सैपाकघर. ही अव्वाची खोली, ही आमची. आणि ही पोरीची." पोरगी, रक्षिता, दोन वर्षांची होती आणि कुणाच्या तरी खांद्यावर झोपली होती. शाहूपुरीतल्या भाड्याच्या दोन खोल्यांत त्याच्या बायकोनं, शिवलीलानं, पाण्यावरून घरमालकिणीची बोलणी चार वर्षं ऐकली होती. मागच्या दारी आपल्या मालकीचा नळ बघून तिला भरून आलं. पाहुण्यांनी बघू नये म्हणून ती तिथंच उगाच हंडा घासत बसली.

साल पंच्याण्णव. कर्ज दोन लाखांचं होतं, साडेपंधरा टक्क्यांनी, वीस वर्षांच्या मुदतीचं. हप्ता महिन्याला सत्तावीसशे आठ रुपये. कागदांवर नवऱ्याच्या सहीखाली आपली सही करताना शिवलीला एवढंच म्हणाली होती, "वीस वर्सं लईच झाली की वो."

"पगार काय हाय तेवढाच ऱ्हाणार हाय का?" श्रीशैल म्हणाला होता. "धा वर्सांत फेडून टाकतो बघ."

श्रीशैल शिरोलीच्या एका फौंड्रीत मोल्डिंगचा सुपरवायझर होता. पगार पाच हजारांच्या आतच. हप्ता गेल्यावर उरायचं त्यात दूध, किराणा, सासूची म्हणजे अव्वाची औषधं आणि पोरीचं आजारपण बसवताना शिवलीलाची ओढाताण व्हायची. तिनं शिलाई मशीन घेतलं, ब्लाऊज शिवायला सुरुवात केली, साड्यांना फॉल लावू लागली. तरी महिन्याचा शेवटचा आठवडा उधारीवरच जायचा. वर्षभरानं राजकोटच्या एका फौंड्रीतून श्रीशैलला बोलावणं आलं. पगार दुप्पट, राहायला खोली फुकट.

"हप्ता फिटंपर्यंतच जातो," तो म्हणाला. "मग हायच की हितं."

तो गेला आणि घर मोठं वाटायला लागलं.

दिवाळीला तो आठ दिवस यायचा, आणि उन्हाळ्यात मिळाली तर आणखी चार दिवस रजा. येताना राजकोटचा पेढा आणायचा, पोरीला फ्रॉक आणायचा. तो फ्रॉक दरवेळी आखूड व्हायचा, कारण त्याच्या डोक्यात पोरगी गेल्या खेपेएवढीच असायची. रविवारी सकाळी फोन यायचा. आधी शेजारच्यांकडं, पुढं घरात फोन आला तेव्हा घरी. "पैसं पोचलं का? अव्वाची तब्येत? रक्षू अभ्यास करती का?" शिवलीला सगळ्याला "व्हय" म्हणायची. बाकी सांगायचं पुष्कळ असायचं, पण मिनिटाचे पैसे पडत असायचे. सांगायचं राहून जायचं, आणि पुढच्या रविवारपर्यंत ते सांगण्यासारखं उरायचं नाही.

नव्व्याण्णव सालच्या श्रावणात अव्वा गेली. अक्काताई तिचं नाव, पण सगळे अव्वाच म्हणायचे. दुपारी जेवून पडली ती उठलीच नाही. शिवलीलानं राजकोटला फोन लावला. श्रीशैल म्हणाला, "निघतो." पण तिथून निघून दोन गाड्या बदलून यायचं, आणि माती काही तोवर थांबत नाही. लिंगायतांच्या रीतीनं अव्वाला बसवून, विभूती लावून, मुलाच्या जागी चुलत पुतण्याला उभं करून सगळं उरकलं. तिसऱ्या दिवशी श्रीशैल आला. बॅग हातात तशीच धरून तो अव्वाच्या खोलीच्या दारात उभा राहिला. आत गेला नाही. थोड्या वेळानं म्हणाला, "रजा मांडली न्हवती तरी सोडलं सायबानं. चांगला मानूस हाय." शिवलीलाला त्याचा राग आला नाही. एवढंच वाटलं, की ह्याला रडायलासुद्धा उशीर झालाय.

त्या वर्षानंतर घरात दोघीच राहिल्या. रक्षिता शाळेत गेली की दिवसभर मशीनचा आवाज तेवढा असायचा. मशीन थांबवलं की घर गप्प व्हायचं, म्हणून शिवलीला काम नसलं तरी जुन्या कापडावर टाके घालत बसायची. गौरी-गणपतीत बाया हळदीकुंकवाला यायच्या, घर बघून म्हणायच्या, "नशीबवान हाईस बाई. एवढं घर, आणि सासुरवासबी न्हाई." ती हसून ओटी भरायची. बाया गेल्यावर खुर्च्या जागच्या जागी लावताना तिला कळायचं, की पुढच्या सणापर्यंत त्यांच्यावर कुणी बसणार नाही.

दोन हजार तीन साली बाजूच्या मोकळ्या प्लॉटवर तेजस्वी आणि तिच्या नवऱ्यानं घर बांधलं. तेजस्वी पतसंस्थेत कामाला होती. ब्लाऊजचं माप द्यायला आली आणि बोलता बोलता म्हणाली, "वहिनी, आम्हाला बरं पडलं बघा. साडेआठ टक्क्यांनी कर्ज मिळालं."

शिवलीलाच्या हातातली टेप तशीच राहिली. "साडेआठ? आमचं साडेपंधरा हाय की."

"हुतं म्हणा. आता कमी केलं असंल की."

"न्हाई बाई. हप्ता हाय तेवढाच हाय."

तेजस्वी हळूच म्हणाली, "वहिनी, एकदा जाऊन विचारा. आपण विचारल्याबिगर ते न्हाई करत."

दुसऱ्या दिवशी शिवलीला कोल्हापुरात गेली. कर्जाच्या ऑफिसात आठ वर्षांत ती पहिल्यांदाच पाऊल टाकत होती. टेबलामागचा माणूस वयानं बराच, बोलायला मवाळ. त्यानं खाते नंबर टाकला आणि म्हणाला, "बोला मॅडम, काय माहिती हवी?"

"किती ऱ्हायलंय?"

"एक लाख शहात्तर हजार सहाशे."

तिला वाटलं ऐकण्यात चूक झाली. "न्हवं, कर्जच दोन लाख हुतं. आठ वर्सं हप्ता चुकवला न्हाई आमी. अडीच लाखाच्या वर भरलंय."

"बरोबर आहे. पण हप्त्यातून आधी व्याज वळतं होतं, मग उरेल ते मुद्दलात जातं. सुरुवातीला तुमचे महिन्याला सव्वाशे रुपयेच मुद्दलात जात होते. बाकी सगळं व्याज. आता चारशेच्या आसपास जातात. शेवटच्या वर्षांत भराभर फिटतं."

"आणि असंच भरत ऱ्हायलो तर?"

"अजून बारा वर्षं. एकूण साडेसहा लाखांपर्यंत जाईल."

"दोन लाखाला?"

"दोन लाखाला."

तिनं व्याजदराचं विचारलं. तो म्हणाला, की थोडी फी भरून आणि दोघांच्या सह्यांचा अर्ज देऊन नवा दर लावून घेता येतो. दोन वर्षं झाली ही सोय चालू होऊन. "तुम्ही चौकशीला आला नाहीत," तो म्हणाला. त्याच्या बोलण्यात खोच नव्हती. रोज कुणाला ना कुणाला तो हे सांगत असणार.

बाहेर आल्यावर ती बसस्टॉपवर बसली. उचगावची एक बस गेली, दुसरी गेली. सव्वाशे रुपये. वर्षभरात नवरा परमुलखात गेला, तो महिन्याला सव्वाशे-दीडशे रुपयांसाठी. पोरगी शाळेत गेली, मोठी झाली, ते बापानं बघितलं नाही, अव्वा लेकाची वाट बघत गेली, आणि त्या आठ वर्षांत घर किती आपलं झालं, तर दोन लाखातलं तेवीस हजारांचं. शेजारी बसलेल्या बाईनं विचारलं, "काय वो, बरं वाटंना का?" शिवलीला म्हणाली, "न्हाई, बस चुकली."

रविवारी फोन आला तेव्हा तिनं सगळं सांगितलं. तिला वाटलं लाईन तुटली.

"ऐकताय न्हवं?"

"व्हय," श्रीशैल म्हणाला. "म्हाईत हुतं मला."

"काय म्हाईत हुतं?"

"व्याज कमी हुतंय ते. हितल्या एकानं गेल्या साली करून घेतलं."

"मग बोलला का न्हाई?"

"सही करायला यायला पायजे, रजा न्हाई... बघू म्हटलं."

तिनं फोन ठेवला. सात वर्षांत पहिल्यांदा तिनं आधी फोन ठेवला.

मे महिन्यात रक्षिताच्या शाळेला सुट्टी लागली आणि शिवलीला अर्ज पिशवीत घालून राजकोटला निघाली. तोवर कोल्हापूरच्या पलीकडं ती एकटी कधी गेली नव्हती. श्रीशैल स्टेशनवर आला होता. केस विरळ झाले होते. दहा वर्षांची रक्षिता आईच्या मागं सरकली आणि "पप्पा" म्हणाली, मास्तरांना हाक मारावी तसं.

त्याची खोली बघून शिवलीला चकित झाली. एवढी नीटनेटकी खोली तिनं बाईमाणसाचीही बघितली नव्हती. घडी घातलेली चादर, खिळ्याला रेडिओ, खिडकीत मोगऱ्याची कुंडी. संध्याकाळी तो दोघींना खालच्या चहाच्या दुकानात घेऊन गेला. दुकानदारानं "आवो शैलभाई!" म्हणून हाळी दिली आणि गुजरातीत काहीतरी बोलला. श्रीशैलही गुजरातीत उत्तर देऊन मोठ्यानं हसला. बाकावरची माणसंही हसली, कुणी त्याच्या पाठीवर थाप मारली. शिवलीला बघत राहिली. दिवाळीत घरी येणारा, आठ दिवस पाय पुसून आत-बाहेर करणारा माणूस हा नव्हता.

दुसऱ्या दिवशी दुपारी रक्षिताला झोप लागल्यावर तिनं विचारलं, "तुमाला परत यायचंय का न्हाई? खरं सांगा. मी भांडायला आली न्हाई."

तो मोगऱ्याची वाळकी पानं खुडायला लागला.

"पयली दोन वर्सं लई आठवण यायची," तो म्हणाला. "जेवण जायचं न्हाई. मग सवय झाली. आता गावाकडं आलो की पावणा आल्यागत वाटतंय. तुमचं दोघींचं सगळं बसलेलं असतंय. कुणी कवा उठायचं, कुणी कुठं बसायचं. मी मधीच येतो आणि तुमाला अडचण हुती."

"अडचण कोण म्हणलं?"

"म्हणाया कशाला पायजे? कळतंय की."

"म्हणून आणि बारा वर्सं हप्ता भरत बसणार हुता?"

त्यानं अर्ज मांडीवर घेतला आणि जिथं जिथं खूण होती तिथं सही केली. पेन परत देताना म्हणाला, "शिवा, मलाबी कळंना झालतं. हप्त्यासाठी ऱ्हायलोय का ऱ्हायचं म्हणून हप्ता धरलाय."

शिवलीलाला वाटत होतं आपण रडू. पण रडू आलं नाही. हे असंच असणार, असं मनात कुठंतरी बऱ्याच दिवसांपासून होतं. पदरानं तिनं रक्षिताच्या कपाळावरचा घाम टिपला आणि अर्जाची घडी घातली.

परत आल्यावर तिनं पाटल्या मोडल्या आणि पोस्टात साठवलेले शिलाईचे पैसे काढले. चाळीस हजार मुद्दलात भरले, नवा दर लावून घेतला. हप्ता मात्र तेवढाच ठेवला. ऑफिसातला तो मवाळ माणूस म्हणाला, "मॅडम, आता पाच वर्षांत मोकळ्या व्हाल." पाटल्या मोडल्याचं तिनं माहेरी, जयसिंगपूरला, कुणाला सांगितलं नाही. रविवारचा फोन येत राहिला. आता ती मिनिटं बघायची नाही. शेवगा मोडून पडला, तेजस्वीला मुलगा झाला, रक्षिताला चष्मा लागला, सगळं सांगायची. तो ऐकायचा. कधी स्वतःचंही काही सांगायचा. आठ वर्षं नुसतं घर पोसून झालं होतं. बोलायचं काय, ते दोघांना नव्यानं शोधावं लागत होतं.

दोन हजार आठच्या पावसाळ्यात शेवटचा हप्ता गेला. श्रीशैलनं नोकरी सोडली आणि दिवाळीच्या आधी आला. ह्या खेपेला बॅगा चार होत्या. घराची मूळ कागदपत्रं आणायला दोघं बरोबर गेले. येताना त्यानं तिला मिसळ खायला नेलं. मिसळ तिखट होती, त्याच्या डोळ्यांतून पाणी आलं. "सवय मोडली," तो म्हणाला.

पहिले काही दिवस तो घरात बिचकत वावरला. दिवा लावताना चुकीचं बटण दाबायचा आणि पंखा सुरू व्हायचा. रक्षिता आता पंधरा वर्षांची, अकरावीच्या प्रवेशाची स्वप्नं बघणारी, बापानं खोलीच्या दारावर टकटक केलं की "काय पायजे पप्पा?" विचारायची आणि हवं ते हातात देऊन दार लावून घ्यायची. तिच्या वागण्यात काहीच वावगं नसायचं. शिरोलीत त्याला ओळखणारं आता कुणी नव्हतं. जुनी फौंड्री बंद पडली होती. तो गेटाजवळ उभा राहून रस्त्यावरून जाणाऱ्यांकडं बघत राहायचा. आत मशीन चालवताना शिवलीलाला त्याची पाठ दिसायची. एकाच घरात आता एकटी माणसं तीन झाली, असं तिला वाटायचं.

एका दुपारी तिचं अंग दुखत होतं, म्हणून ती पडली होती. सैपाकघरात भांड्यांचा आवाज झाला. थोड्या वेळानं श्रीशैल दारात आला. अवघडून उभा राहिला.

"चहा टाकलाय," तो म्हणाला. "तुला साखर किती लागती?"

लग्नाला सतरा वर्षं झाली होती. शिवलीला उठून बसली आणि त्याच्याकडं बघत राहिली. त्याची मान खाली गेली.

"एक चमचा," ती म्हणाली. "आणि दूध कमी."

तो आत गेला. कपाट उघडल्याचा, झाकल्याचा आवाज आला. साखरेचा डबा त्याला सापडत नव्हता. "वरच्या फळीवर, पितळंच्या डब्यामागं," तिनं बसल्या जागेवरून सांगितलं. मग तो चहा घेऊन आला. आलं फार झालं होतं, पुदिनाही घातला होता, तिकडच्यासारखा. पहिल्या घोटाला तिला ठसका लागला. तो पाणी आणायला वळला, तर तिनं हातानं थांबवलं आणि खाटेवर थोडं सरकून त्याला बसायला जागा केली.